न्यायालयाच्या दारापर्यंत न पोहोचलेली माणसे

सप्टेंबर 2002. या एकाच महिन्यात जगाच्या दोन शहरांत दोन मुसलमान पकडले गेले. एक पोर्तुगालच्या लिस्बन शहरात, तर दुसरा अमेरिकेत, न्यूयॉर्कच्या विमानतळावर.

लिस्बनला सापडला तो अबू सालेम. 12 मार्च 1993 रोजी मुंबईत झालेल्या साखळी बॉम्बस्फोटांत 257 माणसे मेली. त्या खटल्यातला हा फरार आरोपी. न्यूयॉर्कला अडवला गेला तो माहिर अरार नावाचा कॅनडाचा अभियंता. त्याच्यावर कुठेही खटला नव्हता, साधी फिर्यादही नव्हती.

अबू सालेमला भारताच्या हवाली करायला पोर्तुगालला तीन वर्षे लागली. तिथल्या न्यायालयांत त्याची बाजू मांडली गेली. त्याला फाशी दिली जाणार नाही आणि 25 वर्षांहून अधिक काळ तुरुंगात ठेवले जाणार नाही, अशी लेखी हमी भारत सरकारला द्यावी लागली. त्या हमीवर तत्कालीन उपपंतप्रधान लालकृष्ण अडवाणी यांची सही होती. नोव्हेंबर 2005 मध्ये तो मुंबईत आणला गेला, टाडा न्यायालयात खटला चालला, 2017 मध्ये जन्मठेप झाली. पुढे 2022 साली सुप्रीम कोर्टानेही सांगितले की 25 वर्षांची ती हमी सरकारवर बंधनकारक आहे.

माहिर अरारला परक्या देशाच्या तळघरात पोहोचवायला बारा दिवस पुरले. न्यायाधीश नाही, आरोपपत्र नाही, हमी नाही.

ज्याच्यावर शेकडो खुनांच्या कटाचा आरोप होता, त्याला कायदा मिळाला. ज्याच्यावर आरोपच नव्हता, त्याला तो मिळाला नाही. हा फरक कसा पडला आणि त्यातून आपल्या घरांनी काय घ्यायचे, याचा विचार या लेखात करायचा आहे.

प्रत्यार्पण वेगळे, हे वेगळे

एका देशातला आरोपी दुसऱ्या देशात सापडला तर त्याला परत मागण्याची एक रीत आहे. तिला प्रत्यार्पण म्हणतात. त्यासाठी देशादेशांत करार असतात. आपल्याकडे 1962 चा प्रत्यार्पण कायदा आहे. मागणारा देश पुरावे पाठवतो, ज्या देशात माणूस सापडला तिथले न्यायालय ते तपासते, त्या माणसाचे म्हणणे ऐकते आणि मगच त्याला सोपवायचे की नाही ते ठरते. अबू सालेमच्या बाबतीत हीच रीत पाळली गेली.

11 सप्टेंबर 2001 रोजी न्यूयॉर्क आणि वॉशिंग्टनवर हल्ले झाले. सुमारे तीन हजार निरपराध माणसे मारली गेली, त्यांत मुसलमानही होते. त्यानंतर अमेरिकेने एक दुसरीच वाट रुंद केली. ती वाट 1990 च्या दशकातच काढली गेली होती, पण आता तिच्यावरून वर्दळ सुरू झाली. तिला त्यांनी नाव दिले ‘एक्स्ट्रॉऑर्डिनरी रेंडिशन’, म्हणजे असाधारण हस्तांतर. सरळ मराठीत सांगायचे तर संशयिताला उचलायचे, डोळे बांधून खासगी विमानात घालायचे आणि जिथे मारझोड करून बोलते केले जाते अशा देशाच्या गुप्तचरांच्या हाती द्यायचे. काहींना सीआयएने स्वतःच्याच गुप्त कोठड्यांत ठेवले. कोणत्याही टप्प्यावर न्यायाधीश येत नाही, म्हणूनच ही वाट निवडली जाते.

ओपन सोसायटी जस्टिस इनिशिएटिव्ह या संस्थेने 2013 साली या प्रकारांचा अहवाल प्रसिद्ध केला. त्यात अशा 136 जणांची नावे आहेत आणि कुठल्या ना कुठल्या रीतीने साथ दिलेल्या 54 देशांची यादी आहे. कोणी विमानतळ वापरू दिले, कोणी माणसे पकडून दिली, कोणी कोठड्या दिल्या.

वास्तविक संयुक्त राष्ट्रांचा छळविरोधी करार सांगतो की जिथे छळ होण्याची खरोखर भीती आहे अशा देशात कोणालाही पाठवू नये. अमेरिकेने हा करार 1994 मध्ये मान्य केला आहे. आपल्या भारताने 1997 मध्ये त्यावर सही केली, पण त्याला संसदेच्या कायद्याची जोड देऊन अंतिम मान्यता अजून दिलेली नाही.

एका भेटीची किंमत

माहिर अरारचा जन्म 1970 चा, सीरियातला. सतराव्या वर्षी तो आईवडिलांबरोबर कॅनडात गेला, तिथेच शिकला, दूरसंचार क्षेत्रात अभियंता झाला, कॅनडाचा नागरिक झाला. पत्नी मोनिया माझिग मूळची ट्युनिशियाची. तिने मॅकगिल विद्यापीठातून वित्तशास्त्रात पीएचडी केलेली. दोन लहान मुले.

ऑक्टोबर 2001 मध्ये ओटावा शहरातल्या एका उपाहारगृहात अरार त्याच्या ओळखीच्या अब्दुल्लाह अलमल्की या गृहस्थाला भेटला. दोघे बोलले, पावसात थोडे चालले. अलमल्कीवर कॅनडाच्या पोलिसांची नजर होती. झाले. त्या दिवसापासून अरारही त्यांच्या वहीत आला. मग जुनी कागदपत्रे शोधली गेली. 1997 साली अरारने घर भाड्याने घेतले होते, त्या भाडेकरारावर साक्षीदार म्हणून अलमल्कीची सही निघाली. तपासात अरारविरुद्ध गुन्ह्याचा पुरावा काहीच सापडला नाही. तरी कॅनडाच्या पोलिसांनी अमेरिकेला जी माहिती दिली, त्यात त्याचे आणि त्याच्या पत्नीचे नाव अल-कायदाशी संबंध असल्याचा संशय असलेले जहाल इस्लामी लोक अशा शब्दांत गेले. सीमेवर लक्ष ठेवण्याच्या यादीत पतीबरोबर पत्नीचेही नाव घातले गेले.

26 सप्टेंबर 2002 रोजी कुटुंबाला ट्युनिशियातच ठेवून तो एकटा कामासाठी परतत होता. न्यूयॉर्कला विमान बदलायचे होते. तिथे त्याला बाजूला घेतले गेले. त्याच्यापुढे तो 1997 चा भाडेकरार ठेवला गेला. बारा दिवस त्याला न्यूयॉर्कमध्ये डांबले. मला कॅनडाला पाठवा, सीरियात माझा छळ होईल, असे तो सांगत राहिला. 8 ऑक्टोबरला त्याला बेड्या घालून एका छोट्या खासगी विमानात बसवले. विमान रोममार्गे जॉर्डनची राजधानी अम्मानला उतरले. तिथून मोटारीने सीमा ओलांडून त्याला दमास्कसमध्ये लष्करी गुप्तचरांच्या ‘फलस्तीन शाखा’ नावाच्या तुरुंगात नेले.

तिथली त्याची कोठडी तीन फूट रुंद, सहा फूट लांब आणि सात फूट उंच होती. छतात एक लहानशी फट, तेवढाच उजेड. तो त्या कोठडीला कबर म्हणतो. दहा महिने आणि दहा दिवस तो त्या कबरीत होता. सुरुवातीच्या दिवसांत त्याला विजेच्या जाड केबलने मारले. मार थांबावा म्हणून त्याने जे लिहायला सांगितले ते लिहून दिले. आपण अफगाणिस्तानात प्रशिक्षण घेतले, असे त्याने कबूल केले. तो आयुष्यात कधी अफगाणिस्तानात गेलेला नव्हता.

आम्ही शिक्षक आहोत. वर्गात एखाद्या मुलाने खोडी काढली आणि त्याच्या शेजारी बसला म्हणून दुसऱ्याला छडी मारली, तर पाचवीतले पोरही उठून विचारते की सर, त्याने काय केले? पाचवीतल्या पोराला पडणारा हा प्रश्न दोन देशांच्या यंत्रणांना वर्षभर पडला नाही.

आणि त्या अलमल्कीचे काय? तो 2002 मध्येच सीरियात पकडला गेला आणि 22 महिने तिथल्या तुरुंगात छळ सोसून परतला. त्याच्यावरही कॅनडात कधी गुन्हा दाखल झाला नाही. 2017 मध्ये कॅनडा सरकारने त्याची आणि अशाच आणखी दोघांची जाहीर माफी मागून भरपाई दिली. ज्या माणसाला भेटल्याबद्दल अरारवर संशय आला, त्या माणसाविरुद्धही संशयापलीकडे काही नव्हते.

मोनियाने हार मानली नाही

पती बेपत्ता झाला तेव्हा मोनियाच्या पदरात एक पाच वर्षांची मुलगी आणि काही महिन्यांचा मुलगा होता. पती कुठे आहे, जिवंत आहे की नाही, हेही आधी कळत नव्हते. डोक्याला हिजाब, नवऱ्यावर दहशतवादाचा संशय आणि 11 सप्टेंबरनंतरचा तो काळ. अशा वेळी घरात बसून रडत राहिली असती तरी तिला कोणी दोष दिला नसता.

ती ओटावाला परतली आणि कामाला लागली. मंत्र्यांना, खासदारांना, वर्तमानपत्रांना पत्रे लिहिली. मानवाधिकार संघटनांना गाठले. कॅनडाच्या संसदेसमोर हातात फलक आणि मेणबत्त्या घेऊन उभी राहिली. पत्रकार विचारत, तुमचा नवरा निर्दोष आहे याची खात्री काय? तिची मागणी साधी होती. त्याने काही केले असेल तर त्याला इथे आणा आणि इथल्या न्यायालयात उभे करा.

वाचक भगिनींनी या मागणीकडे नीट पाहावे. तिने दया मागितली नाही, पतीला विशेष वागणूक मागितली नाही. तिने न्यायाधीश मागितला. या मागणीला नाही म्हणणे कोणत्याही लोकशाही सरकारला फार काळ जमत नाही. हळूहळू तिच्याबरोबर ख्रिस्ती, ज्यू, कोणताही धर्म न मानणारे, असे सर्व प्रकारचे लोक उभे राहिले. 5 ऑक्टोबर 2003 रोजी अरार सुटला आणि मग घरी आला. सीरियाने त्याच्यावर कोणताही आरोप ठेवला नाही.

घरी आल्यावरही संपले नव्हते. सरकारी सूत्रांच्या हवाल्याने वर्तमानपत्रांत बातम्या पेरल्या गेल्या की त्याने सीरियात कबुली दिली आहे. केबलच्या माराने काढलेली कबुली आता त्याच्या नावावर डाग म्हणून वापरली जात होती. तेव्हा पती-पत्नींनी जाहीर चौकशीची मागणी केली. 2004 मध्ये न्यायमूर्ती डेनिस ओ’कॉनर यांचा आयोग नेमला गेला. त्याच वर्षी मोनिया संसदेची निवडणूकही लढली. हरली, पण लढली.

आयोगाने सप्टेंबर 2006 मध्ये अहवाल दिला. अरारने कोणताही गुन्हा केल्याचा किंवा त्याच्यापासून कॅनडाला धोका असल्याचा काहीही पुरावा नाही, असे त्यात निःसंदिग्धपणे म्हटले आहे. पोलिसांनी चुकीची आणि न तपासलेली माहिती अमेरिकेला दिली, हेही म्हटले आहे. त्या वर्षाअखेर पोलीस दलाच्या प्रमुखाने राजीनामा दिला. 26 जानेवारी 2007 रोजी पंतप्रधान स्टीफन हार्पर यांनी देशाच्या वतीने माफी मागितली आणि 1 कोटी 5 लाख कॅनडियन डॉलर भरपाई जाहीर केली.

अमेरिकेत मात्र दार उघडले नाही. अरारने तिथे दावा लावला, खालच्या न्यायालयाने तो फेटाळला, वरच्यानेही फेटाळला आणि 2010 मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने तो ऐकायलाच नकार दिला. कॅनडाने माफी मागितली कारण तिथे चौकशी झाली, आणि चौकशी झाली कारण एका बाईने पाठपुरावा सोडला नाही.

नाव सारखे म्हणून

दुसरे प्रकरण खालिद अल-मसरी याचे. कुवेतमध्ये लेबनीज आईवडिलांच्या पोटी जन्मलेला, जर्मनीचा नागरिक, बायकामुलांचा माणूस. 31 डिसेंबर 2003 रोजी बसने मॅसिडोनिया देशात जात असताना सीमेवर त्याला उतरवले. त्याचे नाव एका पाहिजे असलेल्या माणसाच्या नावाशी जुळत होते आणि त्याचा पासपोर्ट बनावट असल्याचा समज झाला. स्कोप्ये शहरातल्या एका हॉटेलच्या खोलीत त्याला 23 दिवस कोंडले. मग विमानतळावर नेऊन मारहाण केली, कपडे फाडून काढले, लंगोट बांधला, डोळे-कान बंद केले आणि सीआयएच्या विमानातून काबूलजवळच्या गुप्त तुरुंगात नेले. तिथे तो चार महिने होता.

पासपोर्ट खरा आहे, माणूस चुकीचा आहे, हे कळल्यावरही त्याला लगेच सोडले नाही. मे 2004 मध्ये त्याला अल्बानियातल्या एका डोंगराळ रस्त्यावर रात्री सोडून दिले. तो जर्मनीला घरी पोहोचला तेव्हा घर रिकामे होते. नवरा परत येत नाही असे पाहून पत्नी मुलांना घेऊन लेबनॉनला गेली होती.

अमेरिकेच्या न्यायालयाने त्याचा दावा सरकारी गुपिते उघड होतील या कारणाने फेटाळला. पण युरोपच्या मानवाधिकार न्यायालयाच्या मोठ्या खंडपीठाने 13 डिसेंबर 2012 रोजी निकाल दिला की त्याचे म्हणणे खरे आहे, त्याच्याशी झालेले वर्तन हा छळच आहे आणि मॅसिडोनिया त्याला जबाबदार आहे. 60 हजार युरो भरपाई ठरली. पुढे 2018 मध्ये मॅसिडोनियाने त्याची माफीही मागितली.

हा एकच अपवादात्मक घोटाळा होता असेही नाही. अमेरिकी सिनेटच्या समितीने डिसेंबर 2014 मध्ये जाहीर केलेल्या अहवालाप्रमाणे सीआयएने कोठडीत ठेवलेल्या 119 जणांपैकी किमान 26 जणांना खुद्द त्यांच्याच नियमांनुसार ठेवायला नको होते. म्हणजे पाचांत एकाहून अधिक. न्यायाधीश वगळला की असे होते. न्यायाधीश हा फक्त आरोपीसाठी नसतो, पोलिसांची चूक वेळीच पकडण्यासाठीही तो असतो.

चाबूक कोणाच्या हातात होता?

इथवर वाचून कोणी म्हणेल की हा सगळा पाश्चात्त्यांचा मुसलमानांवरचा जुल्म आहे. जुल्म तर आहेच. पण आम्हांला याच्या पुढचेही बोलायचे आहे, आणि ते बोलताना जीभ जड होते.

अरारला केबलने मारणारे हात कोणाचे होते? दमास्कसमधल्या अरबी बोलणाऱ्या अधिकाऱ्यांचे. त्याला सीमेपार पोहोचवणारा देश जॉर्डन. फेब्रुवारी 2003 मध्ये इटलीच्या मिलान शहरातून भर रस्त्यातून उचललेल्या अबू उमर या इमामाचा छळ कुठे झाला? कैरोत. इटलीच्या न्यायालयाने 2009 मध्ये या अपहरणाबद्दल 23 अमेरिकनांना त्यांच्या गैरहजेरीत दोषी ठरवले. इजिप्तमध्ये ज्यांनी त्याला छळले, त्यांना कोणी दोषी ठरवले नाही.

मार्च 2004 मध्ये लिबियाचे गद्दाफीविरोधी नेते अब्दुल हकीम बिलहाज आणि त्यांची गरोदर पत्नी फातिमा बूदशार यांना बँकॉकमध्ये पकडून त्रिपोलीला पोहोचवले गेले. फातिमाला स्ट्रेचरला डोक्यापासून पायापर्यंत चिकटपट्टीने बांधले होते. गद्दाफीची राजवट पडल्यावर 2011 मध्ये त्रिपोलीत कागद सापडले, त्यांत ब्रिटिश गुप्तचर अधिकाऱ्याने या कामगिरीचे श्रेय घेतले होते आणि बिलहाज यांचा उल्लेख विमानाने पाठवलेला माल असा केला होता. 10 मे 2018 रोजी ब्रिटिश सरकारने संसदेत दोघांची माफी मागितली. फातिमा आपल्या मुलासह तिथे हजर होती. तिला पाच लाख पौंड भरपाई मिळाली. बिलहाज यांनी पैसे मागितलेच नव्हते, फक्त माफी मागितली होती.

ब्रिटनने, कॅनडाने, मॅसिडोनियाने माफी मागितली. सीरियाच्या असद सरकारने मागितली नाही. डिसेंबर 2024 मध्ये ती राजवट कोसळली आणि तिथल्या तुरुंगांची दारे उघडली, तेव्हा आपल्याच लोकांवर किती वर्षे काय चालले होते ते जगाने पाहिले. ज्यांच्या देशात छळ ही रोजची गोष्ट होती, त्यांच्याकडेच ही माणसे पाठवली गेली. छळ उपलब्ध होता, म्हणून तो विकत घेता आला. आपल्या उम्मतमधल्या या तळघरांबद्दल आपण गप्प राहायचे आणि फक्त विमान पाठवणाऱ्याला नावे ठेवायची, हा इन्साफ नव्हे.

सहीह मुस्लिममध्ये एक हदीस आहे. हजरत हिशाम बिन हकीम (रजि.) शाम देशातून, म्हणजे आजच्या सीरियाच्या भागातून जात होते. काही लोकांना उन्हात उभे केलेले त्यांनी पाहिले. चौकशी केली तेव्हा कळले की जिझिया वसूल करण्यासाठी ही शिक्षा आहे. ते लोक मुसलमान नव्हते. तरी हजरत हिशाम (रजि.) थांबले आणि त्यांनी पैगंबर मुहम्मद (स.) यांची शिकवण तिथेच ऐकवली: जगात माणसांना यातना देणाऱ्यांना अल्लाह यातना देईल. फक्त उन्हात उभे करण्याबद्दल हा इशारा होता. त्याच शाम देशात तेराशेहून अधिक वर्षांनी तीन फुटांच्या कबरी बांधल्या गेल्या.

माराने सत्य निघत नाही

काही सज्जन माणसेही म्हणतात की देश वाचवायचा तर थोडी सक्ती करावीच लागते. भावनेपेक्षा अनुभवावरून याचे उत्तर द्यावे.

इब्न अल-शेख अल-लीबी नावाचा संशयित 2001 च्या अखेरीस पाकिस्तानात पकडला गेला. हा माणूस अफगाणिस्तानात प्रशिक्षण छावणी चालवत होता, त्याला निरपराध म्हणता येणार नाही. त्याला इजिप्तला पाठवण्यात आले. तिथे त्याने सांगितले की इराकने अल-कायदाच्या लोकांना रासायनिक आणि जैविक शस्त्रांचे शिक्षण दिले. 5 फेब्रुवारी 2003 रोजी अमेरिकेचे परराष्ट्रमंत्री कॉलिन पॉवेल यांनी संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेत हीच गोष्ट, त्याचे नाव न घेता, पुरावा म्हणून मांडली. पुढच्याच महिन्यात इराकवर हल्ला झाला. 2004 मध्ये अल-लीबीने सांगितले की ते सगळे खोटे होते, छळ थांबावा म्हणून बोललो. 2009 मध्ये तो लिबियाच्या तुरुंगात मेला. मार खाऊन बोललेले एक खोटे एका देशाच्या नाशाला हातभार लावून गेले.

आपल्या परंपरेत ही समज फार जुनी आहे. इमाम अबू यूसुफ यांच्या ‘किताबुल खराज’मध्ये हजरत उमर (रजि.) यांचे मत नोंदवले आहे. माणसाला उपाशी ठेवले, धमकावले किंवा कोंडले तर तो स्वतःविरुद्ध काहीही कबूल करेल, म्हणून अशा कबुलीचा भरवसा नाही, हे त्याचे सार. कुरआनच्या सूरह अल-हुजुरातमध्ये बातमीची खातरजमा करण्याची आणि अति संशयापासून दूर राहण्याची ताकीद आहे. सूरह अल-माइदामध्ये तर एखाद्या समाजाशी वैर असले तरी इन्साफ सोडू नका असे बजावले आहे. हे हुकूम आपल्याला सोयीच्या प्रसंगापुरते नाहीत.

आणि बॉम्बस्फोटात ज्याचा मुलगा गेला त्या बापाचाही यात हक्क आहे. चुकीचा माणूस आत गेला की खरा गुन्हेगार बाहेर मोकळा फिरतो. आपल्या मालेगावातच पाहा. सप्टेंबर 2006 च्या स्फोटांत मारले गेलेले बहुतेक मुसलमान, आणि पकडले गेलेले नऊ जणही मुसलमान. त्यांना 2011 मध्ये जामीन मिळाला आणि 2016 मध्ये विशेष न्यायालयाने आरोपांतून मुक्त केले. इतकी वर्षे त्या घरांची आणि मृतांच्या घरांचीही परवडच झाली. तरी न्यायालयाचे दार होते, म्हणून उशिरा का होईना, निर्दोष असल्याचा कागद हातात पडला.

आपल्या घरासाठी

मोनियाच्या लढ्यातून आपल्याला घेण्यासारखे बरेच आहे. काही गोष्टी प्रत्येक घराला माहीत हव्यात.

पहिली गोष्ट, आपल्या संविधानाचे कलम 22. अटक केलेल्या माणसाला अटकेचे कारण सांगावे लागते, पसंतीच्या वकिलाशी सल्लामसलत करू द्यावी लागते आणि प्रवासाचा वेळ वगळून 24 तासांच्या आत दंडाधिकाऱ्यापुढे हजर करावे लागते. प्रतिबंधक स्थानबद्धतेच्या कायद्यांना यातून सूट आहे. यूएपीएखाली जामीन कठीण असतो आणि आरोपपत्राची मुदत 180 दिवसांपर्यंत वाढू शकते, पण 24 तासांची अट तिथेही सुटत नाही.

दुसरी, डी. के. बसू खटल्यात सुप्रीम कोर्टाने डिसेंबर 1996 मध्ये घालून दिलेले नियम. अटकेची वेळ आणि तारीख लिहिलेला पंचनामा झाला पाहिजे, त्यावर घरच्या किंवा परिसरातल्या प्रतिष्ठित माणसाची साक्षीदार म्हणून सही हवी, नातेवाइकाला किंवा मित्राला कळवले पाहिजे, कोठडीत दर 48 तासांनी वैद्यकीय तपासणी झाली पाहिजे. यांतले बरेच नियम आता थेट कायद्यात आले आहेत.

तिसरी, वकील परवडत नाही म्हणून गप्प बसू नये. जिल्हा विधी सेवा प्राधिकरण जिल्हा न्यायालयाच्या आवारातच असते. कोठडीतल्या माणसाला आणि कोणत्याही स्त्रीला, उत्पन्न कितीही असो, तिथे मोफत वकील मागता येतो.

चौथी, कागद जपावेत. अर्जाची पोच घ्यावी, तारीख लिहावी, कोणाला भेटलो ते वहीत टिपून ठेवावे. ओ’कॉनर आयोगाला सत्य सापडले ते कागदांतूनच.

पाचवी गोष्ट कायद्याची नाही, मोहल्ल्याची आहे. एखाद्या घरातला मुलगा उचलला गेला की दुसऱ्या दिवसापासून त्या घरासमोरून जाणाऱ्यांचा सलाम बंद होतो. मुलीचे स्थळ मोडते. मशिदीत बापाच्या शेजारची जागा रिकामी राहते. व्हॉट्सॲपवर त्या मुलाचा फोटो फिरतो आणि फिरवणारेही आपलेच असतात. त्याने गुन्हा केला की नाही ते न्यायालय ठरवेल. केला असेल तर शिक्षा भोगेल, आपण त्याला पाठीशी घालणार नाही. पण त्याच्या आईने, बायकोने, पोरांनी काय केले? अरारला उपाहारगृहातल्या एका भेटीमुळे ज्यांनी संशयित ठरवले, त्यांच्यावर आपण रागावतो. मग केवळ त्या घरी जन्मली म्हणून मुलांना संशयित ठरवणारे आपण त्यांच्याहून वेगळे कसे?

म्हणून एवढे करू या. पुढच्या वेळी आपल्या गल्लीत असे काही घडले, तर त्या घरी चहा घेऊन जावे. मुलांची शाळा चुकू देऊ नये, फी थकली असेल तर चार घरांनी मिळून भरावी. लिहिता-वाचता येणाऱ्याने अर्ज लिहून द्यावा, कोणी सोबत न्यायालयात जावे. आणि मागायचे ते मोनियाने मागितले तेवढेच मागावे: न्यायाधीशापुढे आणा, पुरावा दाखवा, आमचे ऐका.

अल्लाह आपल्याला इन्साफाची बाजू धरण्याचे बळ देवो, मग तो इन्साफ आपल्या माणसाच्या बाजूने असो वा विरुद्ध. आमीन.